एकतीस गुरुवार

शनिवार, एकोणीस ऑक्टोबर, दोन हजार चोवीस. सकाळी धुकं, दहाच्या सुमारास विरलं, आता ऊन लख्ख, सावलीत एकवीस डिग्री, वारा असून नसल्यासारखा — एवढंच लिहिलंय या वहीत काकू, गुपित काही नाही. विचारलंत म्हणून वाचून दाखवलं. बसा ना, हे बाकडं काही माझ्या एकट्याचं नाही. गुडघे दुखतात म्हणालात ना? मघाशी, त्या खड्ड्याच्या भट्टीपाशी, लेकीला सांगत होतात — तेव्हाच कळलं मराठी आहात म्हणून. म्हटलं चला, हॉलिस्टरच्या पुढे, या वाळक्या डोंगरांत, टकीलाच्या भट्टीवर मराठी माणूस भेटला. चहा घेणार? थर्मासात आहे, घरचा, आलं घातलेला. इथे चहा कुठला मिळायचा! साखर थोडी कमी आहे, माझ्या हातचा आहे. बायको सकाळपासून तयारीतच होती — नवीन बूट, जुनी जीन्स. बूट नवीन आणि जीन्स जुनी, लक्षात ठेवा हं, पुढे सांगतो. घ्या.

रोज लिहितो, हो. सदतीस वर्षं झाली. कोणी शिकवलं नाही — दहावीच्या सुट्टीत कॅलेंडरच्या मागच्या कोऱ्या बाजूवर सुरू केलं, तेव्हापासून एक दिवस चुकला नाही. लग्नाच्या दिवशीसुद्धा. तारीख, हवा, काय घडलं, गाडीचा मीटर. नोकरीही तसलीच मिळाली बघा, मोजणारी यंत्रं बरोबर मोजतात की नाही ते तपासायचं — फ्रीमाँटमध्ये, बावीस वर्षं. म्हणजे काटा एक केसभर हलला तरी मला कळतो. कळतोच. मी फक्त बोलत नाही. थांबतो. मला थांबता येतं, काकू, फार थांबता येतं.

तुमचे कोण कोण गेलेत? लेक आणि जावई — उत्तरा आणि श्रीराम, हो, ओळख झाली ना सकाळी. जावई ती नवी हॅट घालून आलेत, किमतीची चिठ्ठी अजून आतून लटकतेय, मी बोललो नाही. माझ्या दोघी गेल्यात. संघमित्रा — मिसेस — आणि मुलगी अनया. सगळे मिळून सात घोडे, बारा पस्तीसला निघाले, दोन पाचला परत यायचे. अनयानंच हे तिकीट काढलं, आईच्या पन्नासाव्या वाढदिवसाचं. म्हटलं, अगं आईला साडी घे, केरळला पाठव. दारू कशी करतात ते बघायला आणि घोड्यावर बसायला कोण जातं पन्नासाव्याला? तर म्हणते, 'बाबा, चिल, इट्स अ बर्थडे थिंग.' आणि हसली. आईकडे बघून हसली. ते हसणं पण लिहून ठेवलंय मी.

मी? मी नाही बसलो. फॉर्मवर सही केली, हेल्मेट घेतलं, आणि मग नको म्हटलं. ती काय समोर बांधलीय ना, करडी, म्हातारी, डोळ्यांवर झिपऱ्या — ती माझी. तोर्तूगा नाव आहे तिचं. म्हणजे कासव! माझ्याकडे नुसतं बघून त्या रमिरोनं ठरवलं की या माणसाला कासव द्यायचं. रमिरो म्हणजे तोच हो, ज्यानं सकाळी सगळं दाखवलं. उंच, मिशीवाला, शर्टाच्या बाह्या बरोब्बर दोन घड्या वर दुमडलेल्या. तुम्हाला आवडला? सगळ्यांनाच आवडतो. चांगला बोलतो, नाही कोण म्हणतंय. त्या घायपातीच्या शेतात उभा राहून कसा बोलत होता — आपल्याकडे रेल्वेच्या कडेला घायपात असते ना, दोरखंडाची, तिचीच ही निळी बहीण — म्हणाला, ही आठ वर्षं जमिनीत वाढते, आठ वर्षं माणसानं फक्त तण काढायचं आणि वाट बघायची, आणि मग एकदाच कापायची. लवकर कापली तर गोडवा नाही, उशिरा कापली तर फुलावर जाऊन आतून पोकळ होते. तो हे सांगत होता आणि संघमित्रा मान हलवत होती. आधीच! वाक्य पुरं व्हायच्या आधी मान हलवत होती, काकू. आपण कशाला मान हलवतो आधी? ऐकलेलं असतं म्हणून.

ते घायपातीचं भाजलेलं खाल्लंत ना तुम्ही? मी पण खाल्लं. तीन दिवस तापलेल्या दगडांवर, मातीखाली — रताळं भाजून गुळात बुडवावं तसं लागतं, तंतू तेवढे थुंकायचे. पुढचं मात्र नाही, ते पेल्यातलं. तुम्ही पण नाही घेणार? इथला नियम बरा आहे, आधी घोडा, मग प्याला. आणि त्याला टकीला म्हणायचं नाही बरं का, ते नाव मेक्सिकोचं, इथे केलं की नुसतं आगावेचं, म्हणजे या घायपातीचं, स्पिरिट. मी तर वासावरच अडलो. ती तांब्याची भट्टी, ती वळलेली नळी — माझे आजोबा मोहाची गाळायचे, भंडाऱ्याकडे, जंगलाच्या कडेला. छप्पन साली दीक्षा घेऊन नागपूरहून आले आणि मडकं अंगणात फोडलं. परत थेंब नाही. मी ते बघितलेलं नाही, वडिलांनी सांगितलं, पण तो वास आमच्या घरात सांगण्यातून आलाय. मागच्या रविवारीच आमच्याकडे कार्यक्रम झाला, फ्रीमाँटला, हॉल घेऊन, मी आणि संघमित्रानं पुढे उभं राहून पंचशील म्हटलं. आणि सहा दिवसांत इथे. गंमतच.

आडनाव? — मेश्राम. ज्ञानदेव मेश्राम. मघाशी 'कुठले तुम्ही' विचारलंत तेव्हा मी 'नागपूरकडचे' म्हणून सोडून दिलं होतं. होतं तसं, सवय. हो, बौद्ध. आता तर दीक्षेचंही सांगून बसलो, म्हणजे आडनाव लपलेलं राहिलंच कुठे. — चहा गार होतोय तुमचा. ... घेतलात? बरं. अजून आहे.

काय सांगत होतो? मान हलवण्याचं. नाही, ते त्याच्या आधीपासून सांगायला पाहिजे. मार्चपासून. तुम्ही उद्या कोण आणि मी कोण, म्हणून सांगतो. गुरुवारी तिला सुट्टी असते. हॉस्पिटलच्या लॅबमध्ये आहे ती, शनिवार-रविवार आलटून पालटून ड्यूटी, गुरुवार मोकळा. मार्चमध्ये म्हणाली, योगा लावलाय, मैत्रिणी आहेत, नंतर जेवून येऊ. मी म्हटलं, चांगलं आहे, पाठ दुखते तुझी. योगाची जागा घरापासून साडेतीन मैल. म्हणजे जाऊन येऊन सात, जेवण धरा तीन, दहा. आणि सात मार्चला — गुरुवार — मी तिच्या गाडीत हवा भरायला गेलो आणि मीटर बघितला, आदल्या दिवशीचा आकडा वजा केला. एकशे बावीस.

एकशे बावीस मैल! चुकलो असेन म्हटलं. माझ्या हातून आकडा चुकत नाही, पण म्हटलं चुकला असेल. चौदा मार्च, एकशे बावीस. एकवीस मार्च, एकशे चोवीस — पेट्रोल भरलं असेल वाटेत. मी लिहिलं. हे बघा, इथे कोपऱ्यात लहान अक्षरात — हे सगळे गुरुवार. मार्चपासून परवापर्यंत तेहतीस गुरुवार, त्यातला चार जुलै सुट्टीचा आणि एकदा तिला सर्दी होती, असे दोन वजा. एकतीस. एकतीस गुरुवार माझी बायको घरातून साडेआठला निघून एकसष्ट मैल कुठेतरी जाते, आणि एकसष्ट मैल परत येते, आणि मी विचारतो, योगा कसा झाला? ती म्हणते, छान झाला. आणि खरंच छान झालेला दिसतो, काकू! चेहऱ्यावर दिसतो. गाणं म्हणत भाजी चिरते. सव्वीस वर्षांत माझ्यासाठी — जाऊ द्या.

का नाही विचारलं? सगळे हेच म्हणतील. विचारलं की उत्तर येतं, काकू. न विचारता थांबलं की निदान — नाही, ते पण खरं नाही. खरं सांगू? मी नकाशा काढला. घर मध्ये धरून एकसष्ट मैलांचं वर्तुळ. त्यात साक्रामेंटोच्या अलीकडचं सगळं येतं, समुद्र येतो, सांता क्रूझच्या पुढचा किनारा येतो. मला किनारा वाटला. मला वाटलं, कोणीतरी आहे, समुद्राशी राहणारा, लॅबमधला कोणी डॉक्टर असेल, रिटायर झालेला, कुत्रा असेल त्याच्याकडे. त्याचं घर कसं असेल ते पण मला दिसायचं. लाकडी. पायऱ्यांवर बसून दोघं काही न बोलता कॉफी पितात. बघा म्हणजे, मी त्या माणसाला घर दिलं, पायऱ्या दिल्या, कुत्रा दिला! एप्रिलमध्ये एकदा रजा टाकून योगाच्या जागेबाहेर गाडी लावून बसलो — हे कुणाला माहीत नाही — दोन तास पाच मिनिटं. शिकवणाऱ्या बाईला वाटलं मला क्लास लावायचाय. पत्रक दिलं हातात. ज्येष्ठांसाठी, खुर्चीवरचा योगा.

हसा, हसा. मी पण हसलो असतो.

आणि मग हे. हे पान बघा, नऊ मे. चिकटपट्टी लावून ठेवलंय ते. गवताची काडी. तिच्या गाडीत, ड्रायव्हरच्या पायाखालच्या मॅटवर होती. वास घ्या — आता गेला असेल, तेव्हा होता. मी महिनाभर त्या काडीवर विचार केला. म्हटलं, समुद्राकाठी वाळू असते, गवत कुठलं? म्हणजे माझा डॉक्टर गेला, कुत्र्यासकट. त्याच्या जागी शेतकरी आला! आणि गूळ. गूळ राहिलाच. आमच्याकडे गुळाची ढेप आणली की तीन महिने जाते. एप्रिलपासून तीन आठवड्यांत संपायला लागली. हे बघा: 'गूळ संपला.' 'गूळ पुन्हा संपला.' मला वाटलं ही चोरून खाते. शुगर वाढेल म्हणून मीच काळजीत. जुलैमध्ये तिची ब्लड टेस्ट झाली, मी रिपोर्ट उघडून बघितला. नॉर्मल! माझीच वाढलेली निघाली.

तर आज सकाळी. गाडी मी चालवतोय, ती शेजारी, अनया मागे. आपण कुठे चाललोय ते फक्त अनयाला माहीत, आईला सरप्राइज — असं मला सांगितलेलं. हॉलिस्टर सुटलं, रस्ता बारीक झाला, फोनवरची बाई अजून बोलली नव्हती, आणि संघमित्रा म्हणाली, 'पुढचा राइट घ्या.' बस, एवढंच. अनया मागून पटकन म्हणाली, 'मम्मी सॉ द साइन.' कसली साइन? मी साइन बघत होतो ना. त्या वळणावर काही नाहीये, एक पत्र्याची टपालपेटी आहे. मी वळलो. त्या फाटकातून आत आलो, गाडी उभी केली, मीटर बघितला. घरापासून एकसष्ट.

तुम्ही कधी असं — नाही, तुम्हाला कसं सांगू. सात महिने एक आकडा घेऊन माणूस हिंडतो आणि मग त्या आकड्यावर येऊन उभा राहतो. समोर ते फाटक, हे घोडे, भट्टीचा धूर. आणि तो. बाह्या दुमडलेला. म्हणाला, 'वेलकम, सेन्योरा.' नाव विचारलं नाही तिचं. बाकी सगळ्यांची विचारली, तुमच्या जावयांना तर दोनदा स्पेलिंग विचारलं.

मग घोडे आणले. तुम्ही बघितलंत ना ती कशी बसली? तुमची लेक बिचारी तीनदा चढली आणि तीनदा उतरली, सगळ्यांचं तसंच होतं. संघमित्रानं काय केलं? आधी पोटाखालच्या पट्ट्यात — तंग म्हणतात ना — त्यात दोन बोटं घालून बघितली, घट्ट आहे की सैल. मग डाव्या बाजूनं, रिकिबीत पाय, वर. एका दमात. पन्नास वर्षांची बाई, पाठ दुखते तिची! आणि त्या तांबड्या घोडीनं, कनेला तिचं नाव, मान वळवून तिच्या त्या जुन्या जीन्सचा — बूट नवे, पण जीन्स घोडीच्या ओळखीची, कळलं? — खिसा हुंगला. उजवा खिसा. तिनं माझ्याकडे बघितलं. मी तिच्याकडे बघितलं. मग तिनं खिशात हात घातला आणि गुळाचा खडा काढला. माझ्यासमोर. घोडीनं तळहातावरून उचलला. माझा गूळ.

घोडीचा हेवा वाटतो का माणसाला कधी? मला वाटला. सांगतो ना, वाटला.

पण खरं कारण ते नाही, काकू. घोडा शिकते तर शिको. खरं दुखलं ते त्याच्या आधीचं. भट्टी बघून आपण सगळे सावलीत उभे होतो, तेव्हा हा रमिरो माझ्याजवळ आला, हॅट काढली — काढली! — आणि हळूच म्हणाला, 'सर, युवर वाइफ्स फादर, अँड द हॉर्स. आय टोल्ड माय मदर धिस स्टोरी. शी क्राइड.' माझ्या सासऱ्यांची गोष्ट. याला माहीत! याच्या आईला माहीत! ती म्हातारी रडली पण! आणि मला बघा, मी सव्वीस वर्षं त्या माणसाचा जावई, त्याच्या शेवटच्या आजारपणात तापाचा तक्ता मी लिहिलाय, आणि मला ते कोणी —

गोष्ट? साधी आहे. तुम्हाला सांगायला हरकत नाही. सासरे वर्ध्याकडचे. त्यांचं लग्न, एकोणीसशे एकाहत्तर. मास्तरकीची नोकरी लागली होती, पँट शिवली होती. म्हणाले, घोड्यावर बसून जाईन. घोडा आणला वर्ध्याहून. एक पाय रिकिबीत होता, तेवढ्यात वेशीजवळची माणसं आली. म्हणाली, गावात तुम्ही घोड्यावर नाही. मारामारी नाही, आरडाओरडा नाही. उतरा म्हणाले. ते उतरले. म्हणजे चढलेच नव्हते धड, पाय काढला. घोड्याला आधी पाणी पाजलं म्हणे स्वतःच्या हातानं, मग परत पाठवलं, आणि चालत गेले मांडवात. झालं. पुढे नागपूरला आले, शाळेचे हेडमास्तर झाले, पण रस्त्यानं कुणाची वरात घोड्यावरून निघाली की उठायचे आणि खिडकी लावून घ्यायचे. बँड वाजतोय आणि घरात खिडकी बंद. मुलीनं ते बघितलं लहानपणभर.

आता ही गोष्ट तिनं त्या माणसाला इंग्रजीतनं कशी सांगितली असेल? मी सकाळपासून हाच विचार करतोय. 'वेस' याला ती काय म्हणाली असेल? गेट? गावाला गेट कुठे असतं? आणि 'पाय काढला' याला? अर्ध्या इंग्रजीत सांगितलं तरी त्याला कळलं. त्याच्या आईला कळलं, तिला तर इंग्रजी पण येत नसेल. आणि मला तिनं कधी —

हं?

नाही, मला कशी माहीत म्हणजे... आत्ता सांगितली ना तुम्हाला. तुम्ही बरोबर पकडलंत. पाणी पाजल्याचं रमिरोनं नाही सांगितलं. नाही. तिनंच सांगितलं होतं. मला सांगितलं होतं. याच वर्षी. चार फेब्रुवारी, रविवार. मोठं वादळ आलं होतं ना, तुमच्या लेकीकडे पण गेली असेल वीज. आमची दुपारी एकला गेली, साडेपाचला आली. टीव्ही नाही, फोन संपलेले, म्हणून आम्ही दोघं खिडकीशी बसलो होतो, झाडं वाकत होती, आणि तिनं सांगायला सुरुवात केली. बराच वेळ सांगत होती. शेवटी म्हणाली, 'मला घोड्यावर बसायला शिकायचंय. बाबांसाठी नाही, माझ्यासाठी. तुम्ही याल का बरोबर?'

तुम्ही याल का बरोबर, असं म्हणाली ती.

हे पान आहे इथे, वाचतो. 'चार फेब्रुवारी. वादळ. वारा ताशी साठ मैल. वीज दुपारी १.०४ ते ५.३१ नव्हती. शेजारच्यांचं कुंपण पडलं. फ्रिजमधलं दूध टाकलं. सं.नं वडिलांची जुनी गोष्ट सांगितली. पन्नाशीत घोडा म्हणते.' झालं. दुधानंतर अर्धी ओळ.

आणि मी तिला काय म्हणालो ते नाही लिहिलं. सदतीस वर्षांत एवढंच नाही लिहिलं. गंमत करायला गेलो हो, अंधारून आलं होतं, ती डोळे पुसत होती, मला काही सुचलं नाही, म्हणून — मी म्हणालो, 'बरं झालं तुझ्या बाबांना वेळेवर उतरवलं, निदान पडले तरी नाहीत.'

...

हसलो पण होतो मी. ती नाही हसली. उठली आणि मेणबत्ती शोधायला गेली. सात मार्चला पहिला गुरुवार.

तुम्ही काही बोलू नका, काकू. मी हे तुम्हाला कशाला सांगितलं? आपण त्या रमिरोबद्दल बोलत होतो. त्याच्याबद्दलच बोलत होतो आपण.

ते बघा — त्या टेकडीच्या खांद्यावर, धूळ. दोन सात झाले, दोन मिनिटं उशीर. मोजतो हं: एक, दोन, तीन... सात. सात गेले, सात आले. तुमचे जावई ते, मागचे, हॅट गळ्यात लोंबतेय. आणि रमिरो? रमिरो त्यांचा लगाम धरून चाललाय! सगळ्यांत मागे. म्हणजे दीड तास तो तुमच्या जावयांना सांभाळतोय, आणि मी इथे बसून — बरं. अनया ती, हात हलवतेय. आणि पुढे — पुढे आमची. एकटीच, बरीच पुढे. कशी बसलीय बघा. पाठ बघा. तिच्या वडिलांची पाठ अशीच होती, शाळेतल्या फोटोत.

इकडेच येतेय. उतरत नाहीये. इकडेच — अगं, धूळ उडतेय, काकूंच्या चहात — हो, बोल. काय? ... आत्ता? अगं, वेळ संपली ना त्यांची... नाही, म्हणजे, हेल्मेट आहे, इथेच आहे. ... हो. हो म्हटलं ना.

काकू, ही वही धरा जरा. पेन आत आहे. वाचू नका — नाही, वाचायचं ते मीच वाचून दाखवलंय. नुसती धरा. पडलो तर वेळ तेवढी लिहून ठेवा.

— द्या. धरलीत, आभारी आहे. नाही नाही, लागलं नाही कुठे, उतरताना पाय अडकला इतकंच, हसू आलं असेल तर हसा, अनयानं व्हिडिओ काढलाय, तुमच्या लेकीलाही पाठवेल ती. तुमचे जावई आले बघा, त्यांना आधी बसायला लागेल, जागा करतो मी. या, उठा तुम्ही, हात देतो. थर्मास राहू द्या, त्यात आता काही नाही. जा तुम्ही, लेक हाक मारतेय. मला दोन ओळी लिहायच्यात. मोठ्यानं म्हणत लिहायची सवय आहे, तेवढी ऐकून जा हवं तर.

दुपारी दोन वाजून बारा मिनिटं. तोर्तूगावर बसलो, डाव्या बाजूनं, तिसऱ्या प्रयत्नात. लगाम सं.नं धरला. घोडी अकरा पावलं चालली, पाण्याच्या टाकीशी थांबली, पाणी प्यायली. मी सं.ला चार फेब्रुवारीचं वाक्य पुन्हा म्हणून दाखवलं, आणि चुकलो म्हणालो. ती म्हणाली, ऐकलं. विचारलं, गुरुवारी मी येऊ का? म्हणाली, नाही, गुरुवार माझा. शनिवारी या. दोन वाजून एकोणीस मिनिटांनी उतरलो.